पूर्वपक्षाचा मान

१५५६ सालच्या सप्टेंबर महिन्यात पोर्तुगालहून निघालेली जहाजे गोव्याच्या बंदरात लागली. त्यांवर ॲबिसिनियाला जाण्यासाठी निघालेले काही येशूसंघीय धर्मगुरू होते आणि त्यांच्या सामानात एक छापखाना होता. छापखानाही ॲबिसिनियासाठीच होता. पण पुढचा प्रवास रखडला आणि यंत्र गोव्यात, संत पावलाच्या विद्यालयात, राहून गेले. भारतातील मुद्रणाचा इतिहास येथून सुरू होतो, हे शाळकरी मुलेही सांगतील. त्या यंत्रावर सर्वांत आधी काय छापले गेले, हे मात्र सहसा कोणी विचारीत नाही. आपण ख्रिस्ती वाचक झटकन म्हणू की, संत फ्रान्सिस झेवियर ह्यांची धर्मशिकवण छापली गेली असेल. ती छापली गेली खरी, पण पुढल्या वर्षी, १५५७ साली. त्याआधी छापली गेली ती तत्त्वज्ञानातील विधाने. विद्यालयातील विद्यार्थ्यांनी ती भर सभेत मांडायची आणि प्रतिपक्षाचे हल्ले परतवून ती राखायची, असा तो कार्यक्रम होता. आपले थोर संशोधक अ. का. प्रियोळकर ह्यांनी भारतातील मुद्रणकलेवर १९५८ साली जो इंग्रजी ग्रंथ लिहिला, त्यात ही हकीकत आली आहे. त्या मूळ कागदांची एकही प्रत आज उरलेली नाही.

ही गोष्ट वाचल्यापासून मला राहून राहून नवल वाटत आले आहे. ह्या देशात छापखान्यातून बाहेर पडलेला पहिला कागद म्हणजे वाद घालण्याचे निमंत्रण होते! ‘आम्ही असे असे म्हणतो, ज्याला खोडून काढता येईल त्याने पुढे यावे,’ असे सांगणारा तो कागद आणि तो काढणारे कोण, तर ख्रिस्तसभेचेच धर्मगुरू. आपल्या घरांतून आज धर्माविषयी कोणी एखादा अडचणीचा प्रश्न विचारला, तर वडीलधारी माणसे म्हणतात, ‘धर्माच्या बाबतीत उलटसुलट बोलू नये.’ हे वाक्य कानी पडले की मला तो हरवलेला कागद आठवतो.

हा वादाचा रिवाज येशूसंघीयांनी निर्माण केला नव्हता. त्यांना तो वारशाने मिळाला होता. वसईच्या किल्ल्यात आपण अनेकदा जातो. फ्रान्सिस्कन, डोमिनिकन, येशूसंघीय आणि ऑगस्टिनियन अशा चार संघांची मंदिरे व मठ तेथे होते. आज त्यांचे अवशेष झाडाझुडपांत उभे आहेत. १७३९ साली चिमाजी आप्पांनी वसई जिंकली आणि ते मठ ओस पडले. ह्या चार संघांचे आपापसांत पटतच असे, असे नाही. तत्त्वज्ञानात तर डोमिनिकन लोक संत थॉमस अक्विनासच्या बाजूचे आणि फ्रान्सिस्कन बहुधा डन्स स्कोटसच्या. परंतु त्यांतील प्रत्येक पुरोहिताच्या शिक्षणाची पायरी एकच होती. आधी व्याकरण, मग तर्कशास्त्र, मग तत्त्वज्ञान आणि ह्या पायऱ्या चढून गेल्यावर ईशज्ञान. तर्काच्या दारातून गेल्याशिवाय देवाविषयी बोलायचे नाही, असा तो दंडक होता. पापडीच्या बाजाराकडून किल्ल्याकडे जाताना आपण जी पडकी भिंत पाहतो, तिच्या आत राहणारी माणसे ही शिस्त अंगी बाणवून समुद्र ओलांडून आली होती.

ह्या शिस्तीचा जन्म सांगायचा तर पार सहाव्या शतकात जावे लागेल. बोएथियस नावाचा रोमन पंडित इ. स. ५२४ च्या सुमारास देहदंडाला सामोरा गेला. त्याआधी त्याने ॲरिस्टॉटलचे तर्कावरचे ग्रंथ लॅटिन भाषेत आणून ठेवले होते. त्यांतले दोन छोटे ग्रंथ आणि पॉर्फिरीची एक प्रस्तावना एवढ्या शिदोरीवर पश्चिमेकडील मठांनी सहाशे वर्षे काढली. बाराव्या शतकात उरलेले ग्रंथ हाती आले. त्यांच्यामागोमाग इब्न सीना आणि इब्न रुश्द ह्या मुस्लिम तत्त्वज्ञांचे विवेचनही आले आणि पॅरिसच्या शाळांतून जणू भरती आली. चौदा-पंधरा वर्षांची मुले तर्क शिकण्यासाठी पायी चालत पॅरिसला येत. त्याच शतकात पीटर ॲबेलार्ड ह्या तिखट स्वभावाच्या पंडिताने ‘होय आणि नाही’ अशा अर्थाच्या नावाचे एक पुस्तक सिद्ध केले. श्रद्धेसंबंधीचे १५८ प्रश्न घेऊन प्रत्येकाखाली त्याने ख्रिस्तसभेच्या पूर्वसूरींची परस्परविरोधी वचने एकापुढे एक मांडली आणि उत्तर न देता तो बाजूला झाला. प्रश्न सोडवायचा तो वाचकाने. ॲबेलार्डला ह्या स्वभावाची किंमत मोजावी लागली. दोन धर्मसभांनी त्याला दोषी ठरवले. परंतु त्याने घालून दिलेली पद्धत पन्नास वर्षांत सर्वांची झाली.

मी सेमिनरीत शिकत होतो तो काळ १९८० च्या दशकाचा शेवट. लॅटिनचे राज्य तोवर संपले होते. शिकवणे इंग्रजीतून चाले. तरीही एक वृद्ध प्राध्यापक आम्हांला लाभले होते. त्यांचे शिक्षण श्रीलंकेतील कँडीच्या पेपल सेमिनरीत झाले होते. ती सेमिनरी १९५५ साली पुण्याला आली, ह्याचे त्यांना जवळजवळ वैयक्तिक दुःख होते. कँडीला सारे शिक्षण लॅटिनमधून होई आणि परीक्षाही वादाच्या स्वरूपाची असे. एक विद्यार्थी विधान मांडणार, दुसरा त्यावर आक्षेप घेणार. आक्षेप घ्यायचा तो मोघम बोलून नव्हे. तीन वाक्यांच्या नेमक्या न्यायवाक्यात बांधून. आणि मग येई तो नियम, जो सरांनी आम्हांला एकदा फळ्यासमोर उभे करून पाळायला लावला. उत्तर देणाऱ्याने आधी प्रतिपक्षाचा आक्षेप अक्षर न बदलता पुन्हा म्हणून दाखवायचा. नंतर एकेक वाक्य घेऊन सांगायचे : हे मान्य, हे अमान्य, आणि ह्या तिसऱ्याच्या बाबतीत भेद करतो. लॅटिनमध्ये ह्यासाठी तीन शब्द आहेत : कॉन्चेदो, नेगो, दिस्तिंग्वो. सर म्हणत, ‘पहिले दोन शब्द कोणालाही येतात. शिकलेला माणूस तिसऱ्या शब्दावर ओळखावा.’

आम्ही विशीतली मुले. आम्हांला ह्या प्रकाराचे हसू येई. जेवणाच्या खोलीत कोणी भात अधिक मागितला, तर वाढणारा म्हणे, ‘दिस्तिंग्वो!’ न्यायवाक्यांच्या प्रकारांची मध्ययुगीन नावेही आम्ही चेष्टेने पाठ केली होती. पहिल्या प्रकाराचे नाव बार्बरा. त्यातील तीन ‘अ’कार म्हणजे तीन सर्वव्यापी होकारात्मक विधाने. सर्व माणसे मर्त्य आहेत. सर्व धर्मगुरू माणसे आहेत. म्हणून सर्व धर्मगुरू मर्त्य आहेत. आमच्या गावी बार्बरा नावाच्या एक आजी होत्या. त्यांना मी सुटीत हे सांगितले, तेव्हा त्या म्हणाल्या, ‘एवढं कळायला बारा वर्षं शिकायला लागतं का?’

त्या काळात ग्रंथालयात अन्नंभट्टाचा ‘तर्कसंग्रह’ माझ्या हाती पडला. शंभरएक वर्षांपूर्वी मुंबईत यशवंत वासुदेव आठल्ये आणि महादेव राजाराम बोडस ह्यांच्या टीपांसह निघालेली ती आवृत्ती. पॅरिसच्या पंडितांचे जे चालले होते, ते आपल्या देशातील नैयायिकांना परके नव्हते, हे तेव्हा कळले. पर्वतावर अग्नी आहे, कारण तेथे धूर आहे. जेथे जेथे धूर तेथे तेथे अग्नी, जसे स्वयंपाकघरात. तसेच येथे आहे. म्हणून पर्वतावर अग्नी आहे. प्रतिज्ञा, हेतू, उदाहरण, उपनय, निगमन अशी ती पाच अंगे. पाश्चात्त्य न्यायवाक्याला तीनच अंगे पुरतात आणि त्यात स्वयंपाकघराला जागा नसते. मला विचाराल तर ही उणीव आहे. आपल्याकडील तार्किक दुसऱ्याला पटवताना त्याला चुलीपाशी नेऊन धूर दाखवतो. वादाचे प्रकारही गौतमाच्या न्यायसूत्रांनी किती नेमके सांगितले आहेत! सत्य शोधण्यासाठी होतो तो वाद. जिंकण्यासाठी होतो तो जल्प. आणि स्वतःचे काहीच न मांडता दुसऱ्याचे केवळ मोडत राहणे ती वितंडा. ग्रामसभेत आणि व्हॉट्सॲपच्या गटांवर ह्या तिहींपैकी काय अधिक आढळते, ते वाचकांनीच ठरवावे.

‘पूर्वपक्ष’ हा शब्दही ह्याच परंपरेतला. प्रथम प्रतिपक्षाचे म्हणणे मांडायचे, मग आपले. मध्ययुगीन ख्रिस्ती पंडितांच्या रिवाजाला ह्याहून चांगला मराठी शब्द मला सापडलेला नाही.

तर्कशास्त्राच्या इतिहासात मध्ययुगाची स्वतःची म्हणून जी कमाई आहे, ती शब्दांच्या बाबतीत आहे. एखादा शब्द वाक्यात कशाच्या जागी उभा आहे, ह्याचा त्यांनी फार बारकाईने विचार केला. हे आपल्याकडील उदाहरणाने सांगतो. ‘राजेळी सोलली’ म्हटले की तो शब्द हातातल्या फळाच्या जागी उभा असतो. ‘राजेळी ही केळ्यांची एक जात आहे’ म्हटले की तोच शब्द जातीच्या जागी उभा राहतो. ‘राजेळी तीन अक्षरी आहे’ म्हटले की तो केवळ स्वतःच्याच जागी उभा राहतो. आता असे पाहा : राजेळी ही एक जात आहे, आगाशीच्या बाईच्या टोपलीत राजेळी आहे, म्हणून तिच्या टोपलीत एक जात आहे. ह्या वाक्यांवर लहान मूलही हसेल, पण गोम कोठे आहे हे सांगायला मोठा माणूस अडखळेल. तेराव्या शतकात ‘स्पेनचा पीटर’ ह्या नावाने प्रसिद्ध असलेल्या लेखकाचे पाठ्यपुस्तक विद्यार्थ्यांना हेच शिकवीत असे आणि ते पुढे काही शतके युरोपभर वापरात होते. हा पीटर म्हणजेच १२७६ साली परमगुरुपदी आलेले पोप एकविसावे जॉन, असे पूर्वापार मानले गेले. आजचे अभ्यासक त्याविषयी शंका घेतात. ते पोप महोदय विटेर्बो येथे आपल्या खोलीचे छत कोसळून १२७७ साली मरण पावले. तर्कशास्त्री असोत वा नसोत, छताने भेद केला नाही.

शब्द जागा बदलतो तेव्हा काय होते, हे वसईकरांना पुस्तकातून शिकण्याची गरज नाही. २००९ साली वसई-विरार शहर महानगरपालिका झाली आणि गावे तिच्यात असावीत की नसावीत ह्यावरून केवढे रण माजले! त्या दिवसांत मी दोन्ही बाजूंची भाषणे ऐकली आहेत. ‘विकास सर्वांना हवा, ही योजना म्हणजे विकास, म्हणून ही योजना सर्वांना हवी.’ पहिल्या वाक्यात विकास म्हणजे पाणी, दवाखाना, मुलांना गावाजवळ काम. दुसऱ्यात विकास म्हणजे वाडी मोडून उभी राहणारी इमारत. मधले पद एकच दिसते, असतात दोन. तीन पदांच्या न्यायवाक्यात गुपचूप चौथे पद शिरले की निष्कर्ष कोसळतो, हे मध्ययुगातल्या पंधरा वर्षांच्या मुलाला पाठ असे. ‘आपली संस्कृती’ ह्या शब्दाचेही आपण असेच करतो, हे विरोधात बोलणाऱ्या माझ्या बांधवांनाही मी तेव्हा सांगितले होते. त्याने मी कोणाचाच लाडका झालो नाही.

ह्या विद्येची थट्टा पुष्कळ झाली आहे. सुईच्या टोकावर किती देवदूत नाचू शकतात, ह्यावर हे लोक वाद घालीत, असे आपल्याला ऐकवले जाते. संत थॉमसचा खरा प्रश्न असा आहे : अनेक देवदूत एकाच वेळी एकाच ठिकाणी असू शकतात काय? उत्तर ‘नाही’ असे आहे आणि सुईचा उल्लेख नाही. प्रश्न हास्यास्पदही नाही. ज्याला देह नाही तो ‘येथे आहे’ असे म्हणण्याचा अर्थ काय, हे त्यात तपासले आहे. तरीही थट्टा करणाऱ्यांचे सारेच चुकले, असे मी म्हणणार नाही. चौदाव्या-पंधराव्या शतकानंतर ह्या पद्धतीला उतरती कळा लागली. प्रश्न जिवंत राहिले नाहीत. आक्षेप घ्यायचा तो ठरलेला, उत्तर द्यायचे ते ठरलेले. काथ्याकूट वाढला आणि दोर काही वळला गेला नाही. आमच्या जुन्या धर्मशिक्षणाच्या पुस्तकांत प्रश्नाला जोडूनच उत्तर छापलेले असे, ते मला त्या ऱ्हासाचे शेवटचे टोक वाटते. १८७९ साली पोप तेरावे लिओ ह्यांनी संत थॉमसचा अभ्यास पुन्हा प्रतिष्ठित केला, पण पुष्कळ ठिकाणी त्यांची उत्तरे तेवढी उचलली गेली आणि आक्षेप गाळले गेले.

आणि आक्षेपांतच तर खरी मौज आहे. संत थॉमसचा ‘सुम्मा’ हा महाग्रंथ नवशिक्यांसाठी लिहिलेला आहे, असे ते स्वतःच आरंभी सांगतात. ग्रंथात ५१२ प्रकरणे आहेत; प्रत्येक प्रकरणात अनेक लहान प्रश्न. प्रत्येक प्रश्नाची रचना सारखी. आरंभ होतो तो ‘असे दिसते की...’ ह्या शब्दांनी, आणि पुढे येते ते लेखकाच्या मताच्या विरुद्ध असलेले म्हणणे. असे बहुधा तीन आक्षेप, काही ठिकाणी त्याहून अधिक. नंतर दुसऱ्या बाजूचे एखादे वचन. मग ‘मी उत्तर देतो’ असे म्हणून लेखकाचे विवेचन, आणि शेवटी प्रत्येक आक्षेपाची स्वतंत्र परतफेड. म्हणजे पानावर पहिला मान पाहुण्याचा, यजमान मागाहून बसणार. आपल्या लग्नाच्या पंगतीत ह्याहून वेगळे काय असते?

त्या ग्रंथातील दुसऱ्या प्रकरणाचा तिसरा प्रश्न आहे : देव आहे काय? नेहमीच्या तीन आक्षेपांऐवजी येथे दोनच आहेत. पण ते दोन असे आहेत की तिसऱ्याची गरज भासू नये. त्यांपैकी दुसरा सांगतो की, जगात जे काही घडते त्याचा उलगडा निसर्ग आणि माणसाची इच्छा ह्यांनी होतो, देव मानण्याची जरूरच नाही. सातशेपन्नास वर्षांपूर्वीच्या एका संन्याशाने, धर्मगुरू होऊ घातलेल्या मुलांसाठी, हे लिहून ठेवले. आणि पहिला आक्षेप असा : देव म्हणजे अमर्याद चांगुलपणा, एखादी गोष्ट अमर्याद असेल तर तिच्या विरुद्ध असलेल्या गोष्टीला कोठेही जागा उरणार नाही, पण जगात दुष्टावा आणि दुःख तर आहे, म्हणून देव नाही. थॉमस आक्षेपाला कोठेही बोथट करीत नाहीत. ज्याला देव नाकारायचा आहे, त्यालाही ह्याहून धारदार शब्द सापडणे कठीण.

असा मनुष्य सर्वांना रुचला असेल, असे समजू नये. ७ मार्च १२७४ रोजी थॉमस मरण पावले. बरोबर तीन वर्षांनी, त्याच तारखेला, पॅरिसच्या बिशपांनी २१९ विधाने निषिद्ध ठरवली; त्यांतली काही थॉमसच्या मतांना लागू पडतात, असे त्या काळीच मानले गेले. १३२३ साली त्यांना संतपद मिळाले आणि १३२५ साली पॅरिसच्या तेव्हाच्या बिशपांनी थॉमसपुरता तो निषेध मागे घेतला. ख्रिस्तसभेत प्रश्न विचारणाऱ्याला कधी कधी पन्नास वर्षे थांबावे लागते.

त्या काळच्या पॅरिसमध्ये वर्षातून दोनदा, आगमनकाळात आणि प्रायश्चित्तकाळात, एक खास वादसभा भरत असे. इतर वादसभांत विषय गुरू ठरवीत. येथे मात्र सभेला आलेल्या कोणीही कोणताही प्रश्न विचारावा आणि गुरूने त्याला सामोरे जावे, असा रिवाज होता. थॉमसनेही अशा सभा घेतल्या आणि त्यांचे वृत्तान्त उपलब्ध आहेत. पुष्कळ गुरू ह्या सभेला भीत असत, हे समजण्यासारखे आहे.

काही वर्षांपूर्वी माझ्या धर्मग्रामात प्रायश्चित्तकाळातील एका शुक्रवारी, क्रुसाच्या वाटेनंतर, मी सभागृहात असा एक प्रयोग आरंभला. नियम एकच ठेवला, कँडीचा. कोणीही काहीही विचारावे किंवा म्हणावे. पण त्याला उत्तर देणाऱ्याने आधी त्याचे म्हणणे पुन्हा म्हणून दाखवावे आणि विचारणाऱ्याने ‘हो, मला हेच म्हणायचे होते’ असे म्हटल्यावरच पुढे बोलावे. पहिल्या वर्षी वीसएक माणसे आली. बहुतेक प्रश्न व्यवहाराचे होते : उपवासाच्या दिवशी बोंबील चालतात तर चिकन का नाही, दुसऱ्या धर्मातील सून घरात आली तर तिने देव्हाऱ्यापुढे उभे राहावे की नाही. नियम पाळणे किती कठीण आहे, हे त्या रात्री सर्वांनाच उमजले. आपण दुसऱ्याचे म्हणणे परत सांगू लागलो की जीभ आपोआप त्यात आपले थोडे मीठ घालते. सुनेचा प्रश्न एका गृहस्थांनी चार वेळा परत सांगितला आणि चारही वेळा विचारणाऱ्या बाईंनी मान हलवली.

तिसऱ्या वर्षी एक गृहस्थ आपल्या मुलाला घेऊन आले. ‘घेऊन आले’ म्हणण्यापेक्षा ओढून आणले, असे म्हणावे. मुलगा बावीस-तेवीस वर्षांचा, अभियांत्रिकी शिकून नोकरीला लागलेला. दीड वर्षापूर्वी त्याची आई कर्करोगाने गेली होती. तेव्हापासून तो मिस्साला येत नव्हता आणि बापलेकांत बोलणे जवळजवळ बंद होते. वडील माझ्याकडे पाहून मोठ्याने म्हणाले, ‘फादर, ह्याला देव आहे ते पटवून द्या. तुम्ही शिकलेले आहात.’

मी म्हटले, ‘आधी तो काय म्हणतो ते ऐकू.’

मुलगा उभा राहिला. आवाज चढवला नाही. त्याने सांगितले ते साधारण असे : ‘आईसाठी आम्ही तीन नोव्हेना केल्या. वेलंकनीला जाऊन आलो. सगळ्या गावाने प्रार्थना केली. देवाला तिला बरं करता येत नव्हतं, तर तो देव कसला? आणि करता येत होतं तरी केलं नाही, तर तो चांगला कसला?’

आजूबाजूला कुजबुज झाली. एक-दोघांनी छातीवर क्रूस काढला. उत्तर द्यायला चारपाच हात वर झाले होते. मी ते खाली करायला सांगितले आणि वडिलांकडे वळलो. ‘नियमाप्रमाणे आता त्याचे म्हणणे तुम्ही सांगा. मग तुमचे.’

ते म्हणाले, ‘तो म्हणतो, त्याचा देवावर विश्वास नाही.’ मुलगा म्हणाला, ‘नाही. मी असं म्हटलं नाही.’

दुसऱ्यांदा ते म्हणाले, ‘तो म्हणतो, आम्ही केलेल्या प्रार्थना फुकट गेल्या.’ मुलाने पुन्हा मान हलवली. मी काही बोललो नाही. सभागृहातले पंखे तेवढे ऐकू येत होते.

तिसऱ्या वेळी ते खुर्चीच्या पाठीला धरून उभे राहिले. म्हणाले, ‘तो म्हणतो... मार्थाला वाचवणं देवाच्या हातात होतं, की नव्हतं? नव्हतं, तर मग आपण हात कोणापुढे जोडतो? आणि हातात होतं, तर...’ त्यांना वाक्य पुरे करता येईना. थोड्या वेळाने त्यांनी ते पुरे केले. ‘हातात होतं, तर त्याने माझी बायको का नेली?’

मुलाने ‘तुमची बायको’ असे म्हटलेले नव्हते. काटेकोर नियमाप्रमाणे हे चुकीचे पुनर्कथन झाले. सरांनी ते फळ्यासमोर उभे करून दुरुस्त करून घेतले असते. मुलाने मात्र वडिलांकडे बराच वेळ पाहिले आणि म्हटले, ‘हो. हेच.’

थॉमसने त्या पहिल्या आक्षेपाला दिलेले उत्तर मला पाठ आहे. संत ऑगस्टिनचा आधार घेऊन ते सांगतात की, देव दुःखाला वाव देतो तो अशासाठी की त्यातूनही चांगले काढण्याइतका तो समर्थ आणि चांगला आहे. दोन वाक्यांचे उत्तर. ते खोटे आहे असे मला वाटत नाही. परंतु त्या रात्री नियमाप्रमाणे उत्तर देण्याची पाळी वडिलांची होती, माझी नव्हती. मी विचारले, ‘आता तुमचे म्हणणे?’ ते म्हणाले, ‘आज नको,’ आणि खाली बसले. मुलगा त्यांच्या शेजारच्या खुर्चीत बसला. तो आधी मागल्या रांगेत होता.

मग पुढच्या बाकावरून एक आजी उठल्या. मृतदेहाला अग्नी देणे आपल्यात चालते का, असे त्यांनी विचारले. कोणीतरी त्यांचा प्रश्न पुन्हा म्हणून दाखवला, त्यांनी होकार दिला आणि मी सांगितले की १९६३ सालापासून ख्रिस्तसभेने त्याला मुभा दिली आहे. फक्त रक्षा घरात ठेवायची नाही किंवा उधळायची नाही, ती पवित्र जागी ठेवायची. आजींचे समाधान झाले नाही. ‘मुभा आहे म्हणजे चांगलं आहे का?’ त्या म्हणाल्या. मी त्यांचा प्रश्न पुन्हा म्हणायला सुरुवात केली.